पडद्यावरचा दरबार आणि आमचा आंबागड

तुमसर तालुक्याच्या उत्तर टोकाला, मध्य प्रदेशच्या हद्दीजवळ नाकाडोंगरी हे आमचे गाव. एका अंगाला सातपुड्याच्या टेकड्या आणि जंगल, दुसऱ्या अंगाला धानाच्या बांध्या, आणि जवळच डोंगरी बुजुर्ग व चिखला येथील मँगनीजच्या खाणी. डोंगरी बुजुर्गच्या खाणीतले मँगनीज डायऑक्साइड कोरड्या बॅटऱ्यांच्या कारखान्यांना जाते. म्हणजे विजेरीत, रेडिओत आणि टीव्हीच्या रिमोटमध्ये बसणाऱ्या सेलमध्ये आमच्या डोंगराची काळी भुकटी असण्याचा पुष्कळ संभव आहे. त्या रिमोटने जो इतिहास घरात येतो, त्यात मात्र आमचा डोंगर कुठे दिसत नाही.

गेली पस्तीस-चाळीस वर्षे आमच्याकडच्या बहुसंख्य माणसांना इतिहास भेटला तो शाळेच्या पुस्तकात आणि दूरदर्शनच्या मालिकांत. त्यातले पुस्तक परीक्षेनंतर रद्दीत गेले, मालिका डोळ्यांत राहिली. मालिकेतला संवाद कोणी लिहिला, कथा कोणत्या कादंबरीवरून घेतली, याची चर्चा अधूनमधून होते. पण तो दरबार, तो वाडा, ती कमान कोणी उभी केली, कुठे उभी केली आणि कशाच्या आधाराने, हा प्रश्न फारसा कोणी विचारत नाही. आम्हाला तो विचारावासा वाटतो. कारण इतिहासात कोण घरचा आणि कोण परका, हे पात्राने तोंड उघडण्याआधीच त्याच्यामागची भिंत सांगून मोकळी होते.

आमच्या भागाला नेपथ्य नवीन नाही. भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोली हा झाडीपट्टीचा मुलूख. दिवाळीनंतर गावोगावी मंडई भरते आणि रात्री नाटक होते, ते पहाटेपर्यंत चालते. ऐतिहासिक नाटक असले की मागे रंगवलेला पडदा सोडायचा. त्यावर महाल, खांब, दूरवर डोंगर. तोच पडदा एका प्रवेशात रायगड आणि पुढच्या प्रवेशात विजापूर होत असे. प्रेक्षकाला ते ठाऊक होते, आणि त्याला त्याचे काही वाटतही नव्हते. अफजलखानाचे काम करणारा नट सकाळी त्याच गावात चहा पिताना दिसे. त्यामुळे नाटकातला खान आणि मोहल्ल्यातला खान यांत गल्लत होण्याचे कारण नव्हते. पडदा वाऱ्याने हलला की प्रेक्षक हसत. नेपथ्य खोटे असल्याची कबुली त्या नेपथ्यातच होती.

मराठी चित्रपटाने ही कबुली हळूहळू पुसली. कोल्हापुरात बाबूराव पेंटरांनी १९२३ साली ‘सिंहगड’ केला. तिथेच पुढे भालजी पेंढारकरांनी जयप्रभा स्टुडिओच्या आवारात शिवकाळ उभा केला. कोल्हापूरच्या या मंडळींना एक मोठी सोय होती. पन्हाळा हाकेच्या अंतरावर, ऐने-तलवारी जुन्या घराण्यांत शिल्लक, घोडे आणि स्वार संस्थानात उपलब्ध. त्यामुळे त्या चित्रपटांतला दगड बराचसा खरा दगड होता. चित्रपट मात्र वर्षातून एकदा बघायचा. दूरदर्शन घरात बसले आणि नेपथ्य दर आठवड्याला, पुढे रोज, ओसरीवर येऊ लागले.

त्याची सुरुवात पौराणिक मालिकांनी झाली. रामानंद सागरांचे ‘रामायण’ जानेवारी १९८७ मध्ये सुरू झाले. त्याचे चित्रीकरण महाराष्ट्राच्या सीमेला लागून असलेल्या गुजरातमधल्या उंबरगावच्या स्टुडिओत होत होते. पाठोपाठ बी. आर. चोप्रांचे ‘महाभारत’ आले आणि त्याचे संवाद लिहिले राही मासूम रझा यांनी. गंगेच्या काठचा एक मुस्लिम लेखक ‘मैं समय हूँ’ म्हणणाऱ्या काळाच्या तोंडी भाषा देतो, ही गोष्ट त्या वेळी देशाला पचली आणि आवडली. आज तिची आठवण मुद्दाम करून द्यावी लागते.

त्याच सुमारास मुंबईच्या गोरेगावात ऐतिहासिक मालिकांचा कारखाना सुरू झाला. राज्य शासनाने १९७७ साली स्थापन केलेली ही चित्रनगरी २००१ पासून दादासाहेब फाळके यांच्या नावाने ओळखली जाते. गोविंद निहलानींची ‘तमस’ १९८८ च्या जानेवारीत दूरदर्शनवर आली. भीष्म साहनींच्या कादंबरीतला फाळणीच्या वेळचा पंजाब. पण तिचा मोठा भाग उभा राहिला तो गोरेगावच्या चित्रनगरीत. कलादिग्दर्शक नितीश रॉय. त्यांच्या हाताखाली १९८७ साली एक मराठी तरुण उमेदवारी करू लागला, नितीन चंद्रकांत देसाई. पुढे मराठी ऐतिहासिक मालिकांचे रूप ज्याने ठरवले तो कलावंत फाळणीच्या जळक्या गल्ल्या उभारत शिकला, हे ध्यानात ठेवण्यासारखे आहे. ‘तमस’वर बंदी घालावी म्हणून न्यायालयात धाव घेतली गेली. मुंबई उच्च न्यायालयाच्या न्यायमूर्तींनी मालिका स्वतः पाहिली आणि ती दाखवण्यास हरकत नसल्याचा निर्वाळा दिला. सर्वोच्च न्यायालयानेही तो कायम ठेवला. दंगलीचे नेपथ्य पाहून दंगल होत नाही, माणूस अंतर्मुखही होऊ शकतो, असा त्या निर्णयाचा सूर होता.

त्याच वर्षी श्याम बेनेगल यांची ‘भारत एक खोज’ सुरू झाली. नेहरूंच्या पुस्तकावर आधारलेले त्रेपन्न भाग. सिंधू संस्कृतीपासून स्वातंत्र्यापर्यंतचा पसारा, आणि पैसा सरकारी, म्हणजे मोजका. त्यामुळे थाट कमी आणि सूचकता जास्त. दोन खांब, एक पडदा, एक समई आणि भिंतीवर पडलेली सावली एवढ्यावर एखादा काळ उभा राही. या मालिकेत शिवाजी महाराजांची भूमिका नसीरुद्दीन शाह यांनी केली आणि औरंगजेबाची ओम पुरींनी. त्या काळी यावर कोणी भुवया उंचावल्याचे आम्हाला स्मरत नाही. काही वर्षांनी, १९९४ च्या सुमारास संजय खान यांनी ‘द ग्रेट मराठा’ आणली, तीत महादजी शिंदे झाले शाहबाझ खान. नटाचा धर्म आणि पात्राचा धर्म यांची जुळवणी करण्याची गरज तेव्हा पडद्याला भासत नव्हती.

पण संजय खान यांचे नाव निघाले की ‘द ग्रेट मराठा’आधीची एक काळी तारीख आठवते. ८ फेब्रुवारी १९८९. म्हैसूरचा प्रीमियर स्टुडिओ. ‘द स्वोर्ड ऑफ टिपू सुलतान’साठी लग्नसमारंभाच्या प्रसंगाचा सेट लागला होता. आवाज घुमू नये म्हणून भिंतींना गोणपाट लावलेले, विजेच्या तारा सैल, हवा जायला झरोके नाहीत, वर प्रचंड दिव्यांची धग, आणि आग विझवण्याची सोय नाही. आग लागली आणि बासष्ट माणसे मेली. त्यांत दिवे धरणारे होते, सुतार होते, दिवसाच्या मजुरीवर उभे राहणारे गर्दीतले लोक होते. संजय खान स्वतः गंभीर भाजले आणि अनेक शस्त्रक्रियांनंतर पुन्हा उभे राहून त्यांनी मालिका पूर्ण केली. सुलतानाचा खरा दर्यादौलत महाल तिथून फार दूर नाही, श्रीरंगपट्टणला आहे. सागवानी, चित्रांनी भरलेला. तो दोन शतके टिकला. त्याची गोणपाटाची नक्कल एका रात्रीत बासष्ट जीव घेऊन गेली. टिपूच्या इतिहासाची किंमत कोणी मोजली असा प्रश्न आला तर आम्हाला आधी ही माणसे आठवतात. त्यांची नावे मालिकेच्या वादात कोणीच घेतली नाहीत.

वाद मात्र झाला, आणि थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. अखेर मालिका दाखवायची तर प्रत्येक भागाबरोबर एक निवेदन दाखवायचे ठरले. ही भगवान गिडवानी यांच्या कादंबरीवर आधारलेली काल्पनिक कथा आहे आणि टिपू सुलतानाच्या प्रत्यक्ष जीवनाशी किंवा कारभाराशी तिचा संबंध नाही, अशा आशयाचे. कादंबरीवरची मालिका म्हणून त्यात गैर काही नाही. उलट आमचे म्हणणे असे की, असे निवेदन प्रत्येकच ऐतिहासिक मालिकेच्या आधी हवे. शत्रू म्हणून रंगवलेल्या राजांच्याही आणि दैवत म्हणून रंगवलेल्या राजांच्याही. एकाच्याच दारावर ‘हे खोटे आहे’ अशी पाटी लागली की शेजारचे दार आपोआप खरे ठरते.

खासगी वाहिन्या आल्या आणि गणित बदलले. रोज एक भाग, साधारण वीस-बावीस मिनिटांचा. रोजच्या मालिकेला खऱ्या किल्ल्यावर जाणे परवडत नाही. केंद्र सरकारच्या संरक्षणाखालील वास्तूत चित्रीकरणाला पुरातत्त्व खात्याची परवानगी लागते. दिवे ठोकता येत नाहीत, खिळा मारता येत नाही, पर्यटक थांबवता येत नाहीत. त्यामुळे किल्ला मोकळ्या माळावर नव्याने बांधणे स्वस्त पडते. नितीन देसाई यांनी २००५ साली कर्जतजवळ आपला स्टुडिओ उभा केला. ‘जोधा अकबर’ या २००८ च्या चित्रपटासाठी तिथेच आग्र्याचा किल्ला बांधला गेला. त्याच वर्षी ‘राजा शिवछत्रपती’ ही मालिका तिथल्याच वाड्यांत आणि तटबंदीत सुरू झाली. म्हणजे अकबराचा आग्रा आणि महाराजांचा गड एकाच माळावर, एकाच सुतारांच्या हातून तयार झाला. देसाईंनी २ ऑगस्ट २०२३ रोजी त्याच स्टुडिओत, कर्जाच्या ओझ्याखाली, आपले जीवन संपवले. पुढे त्या स्टुडिओचा कारभार राज्य शासनाच्या चित्रनगरी महामंडळाकडे आला. आयुष्यभर दुसऱ्यांची सिंहासने घडवणाऱ्या माणसाचा शेवट असा व्हावा, याचे दुःख आम्हालाही आहे.

सेट म्हणजे काय असते हे एकदा नीट समजून घ्यावे. लाकडी वासे आणि बांबूंचा सांगाडा, त्यावर प्लायवूड, प्लायवूडवर पीओपीचा लेप किंवा साच्यातून काढलेले फायबरचे नक्षीकाम, त्यावर दगडाचा रंग. तीन भिंती खऱ्या, चौथीच्या जागी कॅमेरा. खांब आतून पोकळ, दोन माणसे उचलून नेतील असा. एकदा उभा केलेला दरबार मोडणे परवडत नाही, म्हणून तोच पुन्हा सजवतात. महाराजांचा दरबार असेल तर भगवे पडदे, समया, तोरण आणि वरून पडणारा सोनेरी उजेड. सुलतानाचा दरबार असेल तर हिरवे पडदे, काचेची झुंबरे, जाळीतून येणारा धूर आणि खालून मारलेला उजेड, म्हणजे माणसाच्या डोळ्यांखाली सावली पडते. खांब तेच असतात. रंग आणि दिव्याची दिशा तेवढी बदलते. आपल्या मुलांना मात्र दोन वेगळी जगे दिसतात. या कामात सुतार, रंगारी, जरीवाले कोण असतात ते मुंबईत जाऊन पाहावे. भगव्या पडद्याची जर आणि हिरव्या पडद्याची जर पुष्कळदा एकाच मोहल्ल्यातून भरून आलेली असते.

आता या दुसऱ्या जगात खरे किती ते पाहू. झुंबरांपासून सुरुवात करू. युरोपी काचेची झुंबरे आपल्याकडच्या राजवाड्यांत प्रामुख्याने अठराव्या-एकोणिसाव्या शतकात आली. सतराव्या शतकातल्या विजापुरात उजेड होता तो मशाली, दिवे, शमादान आणि फानूस यांचा. कमानींचे तसेच. मालिकेत दिसणारी महिरपी, बांगडीदार कमान ही शाहजहानच्या उत्तरेकडची आणि पुढे राजस्थानातली. आदिलशाहीची कमान टोकदार, साधी आणि भारदस्त. दख्खनचा दगड काळा. उत्तरेचा लाल-पांढरा दगड दख्खनच्या सुलतानांना चिकटवला की ते दूरदेशीचे वाटू लागतात. ज्या काळ्या पाषाणात गोलघुमट आहे त्याच पाषाणात रायगडही आहे, हे प्रेक्षकाच्या लक्षातच येत नाही. भाषेचीही तीच गत. दरबारी लिखापढी फारसीत चाले, सुलतान आणि शिपाई दखनी बोलत, आणि आदिलशाहीच्या महसुली दफ्तरात मराठीला जागा होती. मालिकेतला सुलतान मात्र एकोणिसाव्या शतकातल्या लखनौची उर्दू बोलतो.

सर्वांत मोठी गंमत औरंगजेबाची. मालिकेत तो नेहमी काळोख्या, उंच खांबांच्या महालात बसलेला असतो. प्रत्यक्षात तो १६८१ च्या अखेरीस दक्षिणेत उतरला आणि १७०७ मध्ये अहमदनगरला, म्हणजे आताच्या अहिल्यानगरला मरेपर्यंत उत्तरेत परतला नाही. ही पंचवीस वर्षे त्याने बहुतांशी छावणीत काढली. भीमेकाठच्या ब्रह्मपुरीला, जिला त्याने इस्लामपुरी नाव दिले, १६९५ पासून चारेक वर्षे त्याचा तळ होता. लाल कनातींचे गुलालबार, राहुट्यांचे शहर, चिखल, पूर, रोगराई, थकलेले सरदार. हे सारे त्याच्या चाकरीतल्या भीमसेन सक्सेनाने फारसीत लिहून ठेवले आणि सेतुमाधवराव पगडींनी ते मराठीत आणले. एक हिंदू कायस्थ मोगल सैन्यात राहून फारसीत बखर लिहितो, बादशहाच्या हट्टावर कडक टीकाही करतो, आणि एक मराठी संशोधक अडीच शतकांनी ती आपल्यापुढे ठेवतो. चांगल्या मालिकेला याहून चांगला ऐवज तो कोणता? चिखलात रुतलेला, म्हातारा, हरत चाललेला बादशहा हे दृश्य काळोख्या महालापेक्षा कितीतरी अधिक नाट्यमय आहे, आणि मराठ्यांच्या पराक्रमाची खरी उंचीही त्यातच दिसते. पण चिखल उभारणे कठीण, प्लायवूडचा महाल सोपा.

महाराजांच्या बाजूचेही असेच. नूर बेग, सिद्दी हिलाल, आरमारातला दौलतखान, पत्रव्यवहार पाहणारा काझी हैदर ही नावे इतिहासात आहेत. मालिकांत ती आली तरी एखाद्या प्रसंगापुरती. दोन रंगांच्या दरबारात त्यांनी उभे कुठे राहायचे, भगव्या पडद्यापुढे की हिरव्या? नेपथ्यात त्यांच्यासाठी जागाच ठेवलेली नाही, म्हणून पटकथेतूनही ती गळतात.

हे सारे पडद्यापुरते राहिले असते तर आम्ही एवढी शाई खर्चली नसती. २०२५ च्या फेब्रुवारीत संभाजीराजांवरचा एक चित्रपट गाजला. पाठोपाठ खुलदाबादच्या कबरीचा वाद पेटला आणि १७ मार्चला नागपुरात हिंसाचार उसळला. शहराच्या अनेक भागांत संचारबंदी लागली. खुलदाबादची ती कबर पाहिलेल्याला कळते की तिथे महाल नाही, घुमट नाही. उघड्या आभाळाखाली मातीची कबर आहे. तिच्याभोवतीची संगमरवरी जाळीसुद्धा फार नंतरची. पण माणसे भांडत होती ती पडद्यावर पाहिलेल्या औरंगजेबाशी, आणि दगड पडत होते ते रोजंदारीवर जगणाऱ्यांच्या दारावर.

ज्या नागपुरात हे घडले ते नागपूर वसवले कोणी? देवगडच्या बख्त बुलंद शाहाने, १७०२ च्या सुमारास, लहान लहान बारा वाड्या एकत्र करून. बख्त बुलंद हा गोंड राजा. गादीच्या वादात तो औरंगजेबाच्या दरबारी गेला, इस्लाम स्वीकारला, हे नाव मिळवले आणि परत येऊन त्याच औरंगजेबाविरुद्ध बंडही केले. बादशहा दक्षिणेत अडकल्याचे पाहून त्याने मोगली मुलुखावर स्वाऱ्या केल्या. धर्माने मुसलमान, वंशाने गोंड, बादशहाचा आधी आश्रित आणि मग वैरी. त्याच्या घराण्यात गोंडी रीतिरिवाज पुढेही टिकून राहिले. त्याने आपल्या राज्यात हिंदू आणि मुसलमान कारागीर व शेतकरी आणून वसवले. आम्ही वैनगंगेच्या खोऱ्यातली माणसे त्या वसाहतीचे वारस आहोत. हा राजा कोणत्या रंगाच्या पडद्यापुढे बसवणार?

याच बख्त बुलंदाचा शिवनीचा सुभेदार राजा खान पठाण. त्याने १७०० च्या सुमारास आमच्या तालुक्यात आंबागड किल्ला बांधल्याचे जिल्हा गॅझेटियर सांगते. सातपुड्याच्या एका टेकडीवर, दाट जंगलात, बुरूज, तट आणि दरवाजा घेऊन तो उभा आहे. एका गोंड मुस्लिम राजासाठी एका पठाणाने बांधलेला हा गड पुढे नागपूरकर भोसल्यांकडे गेला. भोसल्यांनी त्याचा तुरुंग केला. तिथे कैद्यांना विहिरीचे विषारी पाणी प्यायला लावून मारत, अशी कथा सांगितली जाते. नंतर इंग्रज आले. गोंड, पठाण, मराठा, इंग्रज अशा चार राजवटी एका टेकडीवर. प्लायवूडची गरज नाही, रंगाची नाही. नाकाडोंगरीहून निघालेला माणूस सकाळी जाऊन संध्याकाळी परत येईल. पण बख्त बुलंद शाहावर किंवा राजा खानावर एखादी गाजलेली मालिका आम्ही पाहिलेली नाही.

याचा दोष एकट्या वाहिन्यांच्या माथी मारणे सोपे आहे. आम्ही तसे करणार नाही. मालिका पटकथेवर उभी राहते, पटकथा कादंबरीवर किंवा बखरीवर. टिपूवर मालिका आली कारण गिडवानींनी कादंबरी लिहिली होती. ‘तमस’ आली कारण साहनींनी लिहिली होती. बख्त बुलंद शाहावर मराठीत मोठी कादंबरी कोणी लिहिली? आंबागडावर नाटक कोणी केले? १९९० साली सोलापूरला पहिले मुस्लिम मराठी साहित्य संमेलन भरले, तेव्हापासून आम्ही म्हणत आलो आहोत की मराठी मुसलमानाचा इतिहास दिल्ली-आग्र्याचा नाही, तो दख्खनचा आणि इथल्या मातीचा आहे. म्हणणे खरे आहे, पण ते आपण बहुधा भाषणांत म्हटले. कथेत, नाटकात ते फार थोडे आले. आपण दृश्य दिले नाही, म्हणून दुसऱ्याने दिलेल्या दृश्यात आपल्याला उभे राहावे लागले.

काम फार मोठे आहे असेही नाही. गॅझेटियर मराठीत वाचायला मिळते. पगडींचे ग्रंथ ग्रंथालयांत आहेत. गोंड राजांच्या कथा अजून म्हाताऱ्या माणसांच्या तोंडी आहेत, आणि ती माणसे दरवर्षी कमी होत चालली आहेत. झाडीपट्टीची रंगभूमी जिवंत आहे. तिच्या एका हंगामात शेकडो प्रयोग होतात. तिला वाहिनीची परवानगी लागत नाही, पुरातत्त्व खात्याचीही नाही. राजा खान पठाण आणि त्याचा गोंड राजा पहिल्यांदा तिथे उभे राहू शकतात, मंडईच्या रात्री, धान कापून रिकाम्या झालेल्या बांधीत. त्या नाटकासाठी एकच पडदा रंगवावा लागेल. त्यावर भगवे-हिरवे काही नको. आंबागडाची टेकडी रंगवली तरी पुरे. समोर बसलेल्या प्रत्येकाला ती ओळखू येईल.